बाकी उरलेला रुपया

प्रश्न : १३ रुपये ५० पैसे सहा जणांत वाटताना मुलगी प्रत्येकी २ रुपये देऊन थांबते. तिला कसे समजवावे?

उत्तर : आपल्या कन्येचा भागाकार चुकलेला नसून अपुरा राहिला आहे, कारण बाकी उरलेला रुपया हिशेबातून खारीज करावयाचा नसतो, तर त्याची मोड करून, त्या १०० पैशांत मूळचे ५० मिळवून, येणाऱ्या १५० पैशांस पुनश्च सहाने भागावयाचे असते, आणि तेव्हाच प्रत्येकाच्या वाट्यास २ रुपये २५ पैसे येतात. १ एप्रिल १९५७ पूर्वी, रुपयाचे १६ आणे होते तेव्हाही, रीत हीच होती : सोळांत अर्ध्या रुपयाचे आठ मिळवून चोवीस, भागिले सहा, म्हणजे चार आणे. मात्र तेवढ्याच रकमेत सव्वादोन रुपयांच्या वह्या किती, असे विचारल्यास उत्तर सहा वह्या. तेथे ‘सहा रुपये’ लिहिणे ही, माझ्या मते, अधिक गंभीर चूक होय.