पेन ड्राइव्ह 'गेला' तर...

सबमिशनच्या आदल्या रात्री माझ्या रूममेटचा पेन ड्राइव्ह 'गेला'. पीसीला लावला की ड्राइव्ह लेटर यायचं, पण क्षमता शून्य! फॉरमॅटही होईना.

पेन ड्राइव्हमध्ये डेटा साठवणारी नँड फ्लॅश चिप असते आणि तिचा कारभार बघणारा कंट्रोलर. कंट्रोलरच्या फर्मवेअरचा भाग आणि खराब ब्लॉक्सची यादी बहुधा फ्लॅशमध्येच असते. ती बिघडली की फ्लॅश शाबूत असूनही कंट्रोलरला काही सापडत नाही. अशा वेळी विंडोजचं फॉरमॅट काय कामाचं?

उपाय असा. आधी चिपजीनियसने कंट्रोलरचा नंबर बघायचा. वरच्या ब्रँडवर जाऊ नका. एकाच मॉडेलमध्ये वेगवेगळे कंट्रोलर निघतात. मग फायसन, सिलिकॉन मोशन, अल्कोर, ज्याचा कंट्रोलर असेल त्याचंच एमपीटूल, म्हणजे कारखान्यातलं सॉफ्टवेअर, चालवायचं. ते फ्लॅश तपासतं, खराब ब्लॉक वगळतं आणि फर्मवेअर पुन्हा लिहितं.

मी हे सगळं केलं आणि ड्राइव्ह ठणठणीत झाला! रूममेटने उघडला, तर कोरा. प्रोजेक्ट रिपोर्टची एकुलती एक कॉपी त्यातच होती. एमपीटूल सगळं पुसतं हे मला माहीत होतं. त्याला विचारायचं तेवढं राहिलं. रात्रभर दोघांनी मिळून रिपोर्ट पुन्हा टाइप केला.

तेव्हा पहिला प्रश्न हाच: आत काय आहे? डेटा हवा असेल तर टूलला हात लावू नका, डेटा रिकव्हरीवाल्याला गाठा. नको असेल तर खुशाल प्रयोग करा. नंतर एचटूटेस्टडब्ल्यूने पूर्ण क्षमता तपासा. आणि हो, रिपोर्टची दुसरी कॉपी आजच करून ठेवा!