घराचा हप्ता : वीस वर्षांचा खरा हिशोब



विवाहपूर्व मार्गदर्शनाच्या वर्गात तरुण जोडप्यांकडून एक प्रश्न आता हमखास येतो. "घरासाठी कर्ज घ्यावे का, आणि किती घ्यावे?" पूर्वी वाडीतच एक खोली वाढवली की नव्या संसाराची सोय होत असे. आता वाडीच्या वाटण्या झाल्या आहेत, भावंडे वाढली आहेत आणि फ्लॅटशिवाय पर्याय उरलेला नाही. धर्मगुरू येऊन नव्या घराला आशीर्वाद देतात, पाहुणे जेवून जातात आणि पुढच्या महिन्यापासून हप्ता सुरू होतो. तो सुरू झाल्यावर हिशोब समजून घेण्यापेक्षा आधी समजून घेतलेला बरा, म्हणून हा लेख.

लूककृत शुभवर्तमानाच्या १४ व्या अध्यायात प्रभू येशू बुरूज बांधायला निघालेल्या माणसाचे उदाहरण देतो. शहाणा माणूस आधी बसून खर्चाचा अंदाज घेतो, नाहीतर पाया घालून काम अर्धवट राहते आणि लोक हसतात. हा दाखला शिष्यत्वाची किंमत सांगण्यासाठी आहे हे खरे. पण 'आधी बसून हिशोब करा' हा त्यातला व्यवहारही आपण विसरू नये.

हप्ता म्हणजे किंमत नव्हे

कर्ज घेताना बहुतेकांचा एकच प्रश्न असतो, "हप्ता किती बसेल?" त्याला जोडून दुसरा प्रश्न विचारायला हवा, "एकूण किती भरावे लागेल?"

समजा, एका कुटुंबाने ३८ लाखांचे घर घेतले. ८ लाख स्वतःचे आणि ३० लाख कर्ज. व्याजदर साडेआठ टक्के, मुदत २० वर्षे. महिन्याचा हप्ता सुमारे २६,०३५ रुपये येतो. असे २४० हप्ते भरल्यावर एकूण रक्कम होते सुमारे ६२ लाख ४८ हजार. म्हणजे ३० लाखांच्या कर्जावर ३२ लाख ४८ हजार रुपये निव्वळ व्याज. मुद्दलापेक्षा व्याज जास्त!

यात बँकेने फसवले असे काही नाही. गणितच तसे आहे. पहिल्या महिन्यात ३० लाखांवर साडेआठ टक्क्यांनी २१,२५० रुपये व्याज होते. हप्त्यातून ते वजा झाले की मुद्दलात जमा होतात फक्त ४,७८५ रुपये. दुसऱ्या महिन्यात मुद्दल किंचित कमी झालेले असते, म्हणून व्याजही किंचित कमी. असे हळूहळू पारडे फिरते.

किती हळूहळू, ते पाहा. पहिल्या वर्षात हे कुटुंब ३ लाख १२ हजार रुपये भरते, पण कर्ज कमी होते जेमतेम ६० हजारांनी. पाच वर्षांत १५ लाख ६२ हजार भरून झाल्यावरही २६ लाख ४४ हजार देणे शिल्लक असते. हप्त्यातला मुद्दलाचा भाग व्याजाच्या भागापेक्षा मोठा व्हायला जवळजवळ १२ वर्षे लागतात आणि निम्मे कर्ज फिटायला तब्बल १३ वर्षे १० महिने. "इतकी वर्षे भरतोय, तरी कर्ज हलत कसे नाही?" असे विचारणाऱ्यांना याचे उत्तर या आकड्यांत मिळेल.

मुदत वाढली की काय होते?

हेच ३० लाख, हाच साडेआठ टक्के दर. फक्त मुदत बदलून पाहू.

१५ वर्षे : हप्ता सुमारे २९,५४२ रुपये, एकूण व्याज २३ लाख १८ हजार.
२० वर्षे : हप्ता सुमारे २६,०३५ रुपये, एकूण व्याज ३२ लाख ४८ हजार.
३० वर्षे : हप्ता सुमारे २३,०६७ रुपये, एकूण व्याज ५३ लाख ४ हजार.

वीसऐवजी तीस वर्षे घेतली तर हप्ता ३ हजारांनीसुद्धा कमी होत नाही, पण व्याज २० लाखांहून अधिक वाढते. उलट, महिन्याला साडेतीन हजार जास्त भरण्याची ऐपत असेल तर मुदत पाच वर्षांनी घटते आणि ९ लाख ३० हजार वाचतात.

मात्र एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. वीस वर्षांनंतरचे २६ हजार आजच्या २६ हजारांइतके जड नसतात. महागाई वाढते तसा पगारही साधारणपणे वाढतो. शिवाय भाड्याच्या घरात राहिलो असतो तर भाडे गेलेच असते. त्यामुळे ६२ लाखांचा आकडा पाहून कर्जच घेऊ नये, असे आमचे म्हणणे नाही. छपराची गरज खरी आहे. पण कर्ज किती आणि किती काळासाठी, हे डोळे उघडे ठेवून ठरवावे.

दर बदलला तर?

आपल्याकडची बहुतेक गृहकर्जे बदलत्या दराची असतात. रिझर्व्ह बँकेने मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांपर्यंत नेला. २०२५ मध्ये तो पुन्हा उतरू लागला. असे चढउतार वीस वर्षांत अनेकदा येणार, हे धरूनच चालावे.

दर वाढला की अनेकदा हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली जाते. घरच्यांना वाटते, हप्ता वाढला नाही, म्हणजे बरे झाले. पण समजा, कोणी ३० लाख ७ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतले. हप्ता २३,२५९ रुपये. वर्षभर नियमित भरल्यावर शिल्लक २९ लाख २८ हजारांच्या आसपास. आता दर साडेनऊ झाला, तर एका महिन्याचे व्याजच २३,१८५ रुपये होते. तेवीस हजारांचा हप्ता भरून मुद्दलात जमा किती? ७४ रुपये!

म्हणूनच रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये नियम केला. दर बदलल्यावर हप्ता आणि मुदत यांवर काय परिणाम होतो ते बँकेने ग्राहकाला कळवले पाहिजे. हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, ही निवड ग्राहकाला दिली पाहिजे. दर तिमाहीला किती मुद्दल व किती व्याज वसूल झाले आणि किती हप्ते उरले, हे सांगणारे विवरणपत्र मिळाले पाहिजे. बँकेचे पत्र आले की न वाचता कपाटात ठेवू नका. 'उरलेले हप्ते' हा आकडा प्रथम पाहा.

हप्त्याबाहेरचे खर्च

१. मुद्रांक शुल्क आणि नोंदणी : महाराष्ट्रात ठिकाणानुसार साधारण ६ ते ७ टक्के मुद्रांक शुल्क लागते. ३८ लाखांच्या घरावर हे सव्वादोन ते अडीच लाखांच्या पुढे जाते. नोंदणी फी १ टक्का, पण जास्तीत जास्त ३० हजार. घर केवळ स्त्रीच्या नावावर घेतल्यास मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत २०२१ पासून आहे. बांधकाम चालू असलेल्या घरावर जीएसटीही लागतो.

२. विमा : कर्जासोबत विमा घ्यावा, हे योग्यच. कमावता माणूस गेला तर घर कुटुंबाकडे राहायला हवे. पण विमा कर्ज देणाऱ्याकडूनच घेण्याची सक्ती नाही. एकरकमी हप्ता कर्जातच मिळवला तर त्यावरही वीस वर्षे व्याज पडते. वरच्या दराने १ लाखाचा विमा २ लाख ८ हजारांना पडतो. साधा मुदतीचा विमा वेगळा घेऊन तुलना करा.

३. राहण्याचा खर्च : सोसायटीचा मेंटेनन्स, घरपट्टी, फर्निचर, पुढे दुरुस्ती. हप्ता ठरवताना हे सारे धरा.

४. करसवलत : "व्याजावर टॅक्स वाचतो" असे सगळे सांगतात. परंतु नव्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजाची वजावट मिळत नाही. आपण कोणती प्रणाली निवडली आहे ते पाहूनच हिशोब करा.

कागद आधी, सही नंतर

ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जासोबत 'की फॅक्ट स्टेटमेंट' देणे बंधनकारक आहे. त्यात सर्व शुल्के धरून येणारा वार्षिक दर आणि परतफेडीचा तक्ता असतो. ते आपल्याला समजणाऱ्या भाषेत असावे, असा नियम आहे. मराठीत मागा, घरी आणा, दोघे मिळून वाचा.

घराचे कागदही तितकेच महत्त्वाचे. आपल्या शेजारच्या नालासोपाऱ्यात ४१ अनधिकृत इमारती न्यायालयाच्या आदेशानंतर २०२४-२५ मध्ये पाडण्यात आल्या. शेकडो कुटुंबे रस्त्यावर आली. घर गेले म्हणून घेतलेले कर्ज माफ होत नाही. महारेराची नोंदणी, महापालिकेची बांधकाम परवानगी, जमिनीचा सातबारा हे वकिलाकडून तपासून घ्या. 'ओळखीचा बिल्डर आहे' हा कागद नव्हे.

आणि जामीन राहणे. आपल्या समाजात नात्याखातर सही करण्याची जुनी रीत आहे. पण जामीनदाराची सही म्हणजे नुसती साक्ष नव्हे. कर्जदाराने भरले नाही तर बँक त्याच्याकडे मागू शकते. सही करण्याआधी पत्नीला, पतीला सांगा. न सांगता केलेल्या सहीमुळे घरात होणारे भांडण कर्जापेक्षा जास्त वर्षे टिकते.

ओझे हलके करण्याचा मार्ग

ज्यांचे कर्ज चालू आहे त्यांनी निराश होऊ नये. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी रक्कम भरल्यास बँकांना २०१२ पासून दंड आकारता येत नाही. वरच्या उदाहरणातल्या कुटुंबाने पहिल्या वर्षाच्या शेवटी १ लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर जवळपास १८ हप्ते कमी होतात. व्याजात सुमारे ३ लाख ७० हजारांची बचत. हेच १ लाख पंधराव्या वर्षी भरले तर फायदा बराच कमी. जादा भरायचे असेल तर सुरुवातीच्या वर्षांत भरावे, आणि 'हप्ता नको, मुदत कमी करा' असे बँकेला लेखी कळवावे.

फक्त एक काळजी घ्या. हातातला सगळा पैसा कर्जात ओतू नका. आजारपण किंवा नोकरी जाण्याच्या प्रसंगासाठी निदान सहा महिन्यांचा खर्च बाजूला असावा. क्रेडिट कार्डाचे किंवा सोन्यावरचे महाग कर्ज असेल तर ते आधी फेडा.

कर्ज पूर्ण फिटल्यावर मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत मिळायला हवीत. बँकेच्या चुकीने उशीर झाल्यास दिवसाला ५ हजार रुपये भरपाईचा नियम डिसेंबर २०२३ पासून लागू आहे.

श्रद्धेच्या दृष्टीने

नहेम्याच्या पुस्तकातील पाचव्या अध्यायात दुष्काळाने गांजलेले लोक आपली शेते, द्राक्षमळे व घरे गहाण पडल्याचे रडून सांगतात. नहेम्या संतापतो आणि सावकारी करणाऱ्या श्रीमंतांना गहाण मालमत्ता परत करायला लावतो. कर्ज हा देवाच्या दृष्टीनेही गंभीर विषय आहे, हे यावरून दिसते. १९१८ साली मोन्सेनियर पी. जे. मोनीस यांनी वसईत कॅथॉलिक बँकेचा पाया घातला. पैशाचा प्रश्न हा श्रद्धेच्या बाहेरचा नाही, हे आपल्या पूर्वजांनी तेव्हाच ओळखले होते.

आज सावकाराची जागा शोभेने घेतली आहे. शेजाऱ्याने दोन बेडरूमचे घेतले म्हणून आपण तीनचे घ्यावे, गृहप्रवेशासाठी आणखी वैयक्तिक कर्ज काढावे, याला काय म्हणावे? हप्त्यापायी पती दोन पाळ्या करतो, पत्नी रात्री उशिरा लोकलने परत येते, मुलांना आजी झोपवते आणि रविवारच्या मिस्सालाही उसंत नसते. घर कुटुंबासाठी घेतले की कुटुंब घरासाठी राबते आहे, हे ज्याने त्याने स्वतःला विचारावे.

नाझरेथचे घर लहान होते. त्यात संत योसेफाचे श्रम होते, पवित्र मरियेची माया होती आणि प्रभू येशू होता. आपले घर एका खोलीचे असो वा तीन, त्यात एकत्र जेवायला आणि एकत्र रोझरी म्हणायला वेळ उरावा, एवढ्याच बेताचे कर्ज घ्यावे.

घरी बसून बोलण्यासाठी

१. आपल्या कर्जाचे किती मुद्दल फिटले आणि किती हप्ते उरले, हे पती-पत्नी दोघांनाही माहीत आहे का?
२. एकाची मिळकत थांबली तर किती महिने हप्ता भरता येईल?
३. आपण कोणाला जामीन आहोत का? घरच्यांना ते ठाऊक आहे का?
४. या वर्षी थोडी तरी जादा रक्कम कर्जात भरता येईल का?

ज्यांचे हप्ते थकले आहेत त्यांनी लाजेने गप्प राहू नये. बँकेच्या नोटिशीची वाट न पाहता शाखेत जाऊन बोलावे, आणि धर्मगुरूंशीही मोकळेपणाने बोलावे. एकमेकांची ओझी वाहण्यासाठीच तर आपण एका धर्मग्रामाचे सभासद आहोत.