साबरमतीकाठची गुजरी

कोल्हापूरकराला ‘गुजरी’ म्हटले की सराफांच्या पेढ्या आठवतात. अहमदाबादच्या गुजरीत मात्र जुन्यापुराण्या वस्तूंचा व्यवहार चालतो. एलिस पुलाजवळ, साबरमतीच्या पूर्वकाठी हा बाजार दर रविवारी भरतो. म्हणून त्याला ‘रविवारी’ असेही म्हणतात. सुलतान अहमदशहाने नगर वसवल्यावर थोड्याच वर्षांत, १४१४ साली, तो सुरू झाला अशी परंपरागत समजूत आहे. पुलाखालच्या नदीपात्रात तो १९५४ पासून भरू लागला.

येथे काय मिळत नाही? खाटा, मोडलेल्या घरांच्या दारे-खिडक्या, पितळेची भांडी, वापरलेली पाठ्यपुस्तके, पंख्यांचे सुटे भाग. एका बाजूस शेळ्या-कोंबड्यासुद्धा. हौशी संग्राहक येतात, पण बाजार त्यांच्यावर चालत नाही. एखादा सुतार पटाशी आणि रंधा पारखून घेतो. नव्या अवजाराची किंमत त्याला परवडणारी नसते. जुनी पटाशी घेऊन तो सोमवारी कामाला लागतो. जुन्या कपड्यांचा मार्ग तर आपल्या ओळखीचाच आहे. देवीपूजक समाजाच्या बायका दारोदार हिंडून भांड्यांच्या बदल्यात कपडे घेतात, अगदी आपल्याकडच्या बोहारणीसारख्या. ते धुऊन, दुरुस्त करून पुन्हा विक्रीस येतात. घरातून टाकाऊ म्हणून निघालेल्या वस्तूला असे दुसरे आयुष्य लाभते, आणि त्यावर अनेक कुटुंबांचा चरितार्थ चालतो.

नदीकाठाच्या सुशोभीकरणाची योजना आली, तेव्हा या चरितार्थाचाच प्रश्न उभा राहिला. नकाशावर नदीचे पात्र म्हणजे मोकळी जागा. विक्रेत्यांच्या लेखी ते बाजारपेठ होते. त्यांच्या संघटनेने गुजरात उच्च न्यायालयात धाव घेतली. दूर कोठे जाण्यापेक्षा बाजार आहे तेथेच, नदीकाठीच राहावा, हा त्यांचा आग्रह होता, आणि तो रास्तच म्हटला पाहिजे. कारण पायी किंवा बसने येणारे गिऱ्हाईक शहराबाहेर जाणार नाही.

अखेर २०१४ मध्ये नदीकाठीच नवा बाजार उघडला. फरसबंदी झाली, ओटे बांधले गेले, झाडे लागली. धुळीत बसणाऱ्यांना हे सुख थोडे नव्हते. परंतु ओटे मोजके होते आणि विक्रेते त्यांहून अधिक. जुन्या पात्रात चादर अंथरली की दुकान थाटले जाई. नव्या बाजारात त्यासाठी यादीत नाव असावे लागले. ज्यांचे नाव नव्हते, त्यांना चादर कडेला अंथरावी लागली.