संगणकाचा दुभाष्या

आपला उमरगा तालुका कर्नाटकाच्या सीमेवर आहे. पलीकडचा शेतकरी बैल विकायला येतो. तो कानडी बोलतो. घेणाऱ्याला कानडी येत नाही. मग दोन्ही भाषा जाणणारा माणूस मधे उभा राहतो. तो दुभाष्या.

संगणकालाही असा दुभाष्या लागतो. त्याला ड्रायव्हर म्हणतात. हा मोटार हाकणारा ड्रायव्हर नव्हे. हा संगणकात भरायचा आज्ञांचा संच.

आमच्या रात्रीच्या वर्गासाठी आम्ही एक चित्रपाटी आणली. तिच्यावर खास लेखणीने लिहिले की अक्षर संगणकाच्या पडद्यावर उमटते. आम्ही हौसेने ‘क’ काढला. उमटला, पण सगळा एकाच जाडीचा! टाकाने लिहिताना दाबले की रेघ जाड, हात हलका केला की बारीक. इथे तसे होईना. आम्ही दुकानदाराला बोल लावला. पाटी परत करायला निघालो.

तेव्हा वर्गातल्या एक बाई म्हणाल्या, “गुरुजी, आम्हाला तर सांगता, आधी वाचा, मग सही करा. खोक्यातला कागद तुम्ही वाचला का?”

आम्ही वाचला नव्हता! वाचला, तेव्हा उलगडा झाला. लेखणी कुठे आहे, किती दाबली, कोणती कळ दाबली, हे सारे पाटी कळवते. ड्रायव्हर नसला तर संगणक तिला साधा माउस समजतो. जागा कळते, दाब कळत नाही.

मग आम्ही असे केले:

१. पाटीच्या मागचे कंपनीचे नाव आणि नमुना क्रमांक वाचला.
२. त्याच कंपनीच्या संकेतस्थळावरून त्याच नमुन्याचा ड्रायव्हर घेतला.
३. जुन्या पाटीचा ड्रायव्हर आधी काढला. दोन दुभाषे एकदम बोलले की गोंधळ होतो.
४. संगणक बंद करून पुन्हा सुरू केला.

‘क’ जाड-बारीक उमटला. मग त्या बाईंनी आपले नाव काढले.

एक मात्र ध्यानात ठेवा. १९४८ पर्यंत आपला जिल्हा निजामाच्या राज्यात होता. कारभार उर्दूत चाले. ज्याला वाचता येत नसे, तो दुसऱ्याच्या भरवशावर अंगठा उठवी. वाचून दाखवणारा लबाड निघाला तर जमीन जाई. भलत्या ठिकाणचा ड्रायव्हरही तसाच. त्याच्या आडून चोर संगणकात शिरतो. म्हणून नाव वाचा, मगच आत घ्या.

सांगा पाहू:
१. ड्रायव्हर नसताना संगणकाला काय कळत नाही?
२. जुना ड्रायव्हर आधी का काढावा?
३. न वाचता सही केल्याने तुमच्या गावात कुणाचे नुकसान झाले आहे का?