विजेचा दर आणि ग्राहकाचा आक्षेप

विजेच्या बिलावरील आकडा पाहून ग्राहक हळहळतो. मात्र हा दर ठरवतो कोण, याचा विचार तो क्वचितच करतो. पूर्वी वीज मंडळे व राज्य शासनेच दर ठरवीत. ओडिशात १९९६ मध्ये देशातील पहिला वीज नियामक आयोग कार्यरत झाला. महाराष्ट्रात १९९९ मध्ये.

वीज कायदा, २००३ च्या कलम ६४ नुसार वीज कंपनीला दराचा प्रस्ताव जाहीर करावा लागतो आणि लोकांचे आक्षेप विचारात घेऊनच आयोग निर्णय देतो. वीजगळती एवढी का, वीज कोणत्या भावाने घेतली, असे प्रश्न शेतकरी, यंत्रमागधारक, गृहिणी, कोणीही विचारू शकतो. प्रस्तावांची जाडजूड कागदपत्रे आणि त्यांतील क्लिष्ट भाषा सामान्यांना दूर ठेवतात, ही मात्र या व्यवस्थेतील मोठी उणीव होय.

बिल थकले तरी पंधरा दिवसांची लेखी नोटीस दिल्याशिवाय वीज तोडता येत नाही. बिलच चुकीचे वाटल्यास ग्राहकाने आक्षेप नोंदवून मागितलेली रक्कम किंवा मागील सहा महिन्यांच्या सरासरीनुसार होणारी रक्कम, यांपैकी जी कमी असेल ती भरावी. वाद मिटेपर्यंत पुरवठा चालू राहतो. तक्रार प्रथम कंपनीच्या ग्राहक तक्रार निवारण मंचाकडे करता येते व तेथे समाधान न झाल्यास विद्युत लोकपालाकडे.