चि. अभय यास

शाहूपुरी, कोल्हापूर



नॉन-क्रीमीलेयर दाखल्याची मुदत उलटल्याच्या सबबीवर तुझा अर्ज खुल्या प्रवर्गात वर्ग झाला, त्यापायी पुण्याची जागा हुकली, आणि आता रिट अर्ज दाखल करावयाचा म्हणून येथील शहाजी लॉ कॉलेजात मिळालेली जागा तू प्रवेश न घेताच सोडणार आहेस, ही तुझ्या आत्याने काल आणलेली वार्ता खरी असेल, तर माझ्या संतापाला सीमा नाही. रिट खुशाल कर. पण हाती आलेली जागा सोडतोस ती कोणाला विचारून?

तुझी बाजू खोटी आहे असे मी म्हणत नाही. जन्म कोर्टाच्या दप्तरात गेला. एका तारखेच्या शिक्क्याने माणसाचा हक्क कसा बुडतो हे मला नव्याने शिकायचे नाही. तू बंगळूरचा दाखला देशील, हेही जाणतो. तेथील राष्ट्रीय विधि विद्यापीठाने १२ सप्टेंबर २०२० रोजी घेतलेली स्वतंत्र परीक्षा सर्वोच्च न्यायालयाने नवव्या दिवशी रद्द केली खरी. परंतु तेथे सबंध परीक्षाच वादग्रस्त होती, तुझा वाद एका दाखल्याचा. २०१८ साली क्लॅट या विधि प्रवेश परीक्षेच्या वेळी संगणक बिघडून ज्यांचा वेळ वाया गेला त्यांना न्यायालयाने वाढीव गुण दिले, पण पहिल्या फेरीत वाटलेल्या जागांना हात लावला नाही. १ डिसेंबर २०२४ च्या क्लॅटमधील मोजक्या उत्तरांचा तंटा दिल्लीत फिरत फिरत ७ मे २०२५ ला मिटला. तोवर ती मुले काय करीत होती, हा प्रश्न कोणत्याही निकालपत्रात सापडायचा नाही. न्याय मिळाला तरी भरलेली जागा रिकामी होईलच असे नाही, म्हणून पुन्हा विचारतो: शहाजीची जागा का सोडतोस?

येथील वकिलांनी चार दशके झगडून मिळवलेले हायकोर्टाचे सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ पासून भाऊसिंगजी रोडवर बसू लागले, याचा आनंद मला तुझ्याहून अधिक आहे. पण दारात हायकोर्ट आले म्हणून दारातले कॉलेज सोडायचे, हा कुठला हिशेब? आणि खर्चासाठी वहिनींच्या पाटल्यांचा विषय घरात निघाला म्हणतात, तो प्रथम बंद कर.

हे एवढे कठोर लिहितो त्याचे कारण तू जाणतोस. वडील अकाली गेले आणि मी मॅट्रिकनंतर कारकुनीला चिकटलो. रोज त्याच कॉलेजावरून कचेरीत जाताना, धाकट्यांची शिक्षणे उरकली की आपणही नाव घालू असे मनाशी म्हणत असे. ती उरकली तेव्हा केस पांढरे झाले होते. दुसऱ्यांचे वकालतनामे फायलीला लावताना त्यावरची सही मात्र मी फार निरखून पाही. घरातले एखादे नाव तेथे यावे, इतकेच मनात असे.

असो. पत्र वाचून रागावू नकोस. तुझ्या आजोबांचा ताठा तुझ्यात उतरला आहे, आणि तो मला मनातून आवडतो. प्रवेश निश्चित करण्याची मुदत टळण्याआधी मूळ कागद घेऊन इकडे निघून ये. शुल्काची तजवीज पेन्शनमधून करून ठेवली आहे. आधी कॉलेजात पावती घेऊ, मग माझ्या ओळखीच्या वकिलांकडे जाऊन रिटचा मसुदा दोघे मिळून वाचू. काकूने आतापासूनच तुझ्यासाठी माडीवरची खोली झाडून घेतली आहे, आणि रात्री अभ्यासाला दिवा पुरेल की नाही, हे मला दोनदा विचारून झाले आहे.

तुझा,
अण्णाकाका