दगडखाण आणि घराची भिंत

आमच्या ओळखीच्या एका गावाची ही गोष्ट आहे. गावाला लागून टेकडी होती. एके दिवशी तिथे पोकलेन आले. सुरुंग उडू लागले. धडाका झाला की घरातली भांडी वाजत. पत्र्यावर दगड येऊन पडत. एका म्हाताऱ्या बाईच्या घराची भिंत तडकली.

लोक चिडले. काठ्या घेऊन खाणीवर गेले. मारामारी झाली. पोलीस आले. गुन्हा नोंदला गेला तो गावकऱ्यांवरच! खाण चालूच राहिली. खाणीला परवाना आहे का, हे कोणी विचारलेच नव्हते.

मंडळी, राग खरा होता, पण वाट चुकली होती.

त्या म्हातारीची सून रात्रीच्या वर्गाला येई. तिने एक वही केली. सुरुंग कधी उडाला, तारीख कोणती, वेळ कोणती, तडा किती वाढला, हे ती रोज लिही. शेजारी हसले. म्हणाले, "लिहून का कुठं डोंगर थांबतो?" ती म्हणाली, "ओरडलं ते वाऱ्यावर गेलं. लिहिलेलं राहील तरी."

मग तिने माहितीच्या अधिकाराखाली अर्ज केला. त्याला १० रुपयांचे तिकीट लागते. उत्तर ३० दिवसांत द्यावे लागते. तिने एवढेच विचारले, "या गट नंबरात खाणीचा परवाना आहे काय? असल्यास नक्कल द्यावी." उत्तर आले, परवाना नाही.

आता कायदा काय म्हणतो ते पाहू. दगड, मुरूम, वाळू यांना गौण खनिज म्हणतात. जमीन स्वतःची असली, तरी दगड काढून विकायला सरकारची परवानगी लागते. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ हिच्या कलम ४८ प्रमाणे चोरून काढलेल्या मालाच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड होतो. यंत्रे आणि गाड्या जप्त होतात. पाच हेक्टरांहून लहान खाणीलाही पर्यावरणाची मंजुरी हवी, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१२ साली सांगितले.

सुनेने वहीची नक्कल जोडून तहसीलदारांना अर्ज दिला. दुसऱ्या प्रतीवर शिक्का मारून पोच घेतली. पंचनामा झाला. खाण बंद पडली. भिंतीच्या भरपाईचा वाद मात्र अजून चालू आहे. त्यातही ती वहीच कामी येते आहे.

तहसिलीत दाद लागली नाही तर? तर राष्ट्रीय हरित न्यायाधिकरण आहे. त्याची एक कचेरी पुण्यात आहे. तिथे वाद उभा राहिल्यापासून सहा महिन्यांच्या आत जावे. भरपाई मागायला पाच वर्षांची मुदत असते.

केरळात पालक्काड जिल्ह्यातून अशीच तक्रार तिथे गेली होती. केरळचा नियम घरापासून ५० मीटरांचा होता. केंद्रीय प्रदूषण मंडळाने सांगितले, सुरुंग असल्यास २०० मीटर आणि नसल्यास १०० मीटर अंतर हवे. न्यायाधिकरणाने २०२० साली ते मानले. खाणमालक कोर्टात गेले. वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत पोचला. न्यायाधिकरण नुसत्या पत्रावरूनही दखल घेऊ शकते, असे त्या न्यायालयाने २०२१ साली सांगितले. अंतराचा नियम सगळीकडे सारखा नसतो. आपल्याकडचा नियम तहसिलीत विचारून घ्यावा.

एक गोष्ट विसरू नये. खाणीत आपल्याच गावची माणसे पोट भरतात. घर, रस्ता, शाळा खडीवाचून होत नाहीत. आपले भांडण दगडाशी नाही आणि मजुराशी तर नाहीच. भांडण चोरीशी आहे.

म्हणून आम्ही सांगतो, काठी घरी ठेवा. वही काढा.

शब्दांचे अर्थ
परवाना – सरकारची लेखी परवानगी
पोच – कागद मिळाल्याची सही-शिक्क्याची खूण
पंचनामा – पंचांसमोर जागा पाहून लिहिलेली हकिकत

प्रश्न
१. गावकऱ्यांची पहिली चूक कोणती?
२. अर्जाची पोच का घ्यावी?
३. तहसीलदारांना चार ओळींचा अर्ज लिहा. वर तारीख घालायला विसरू नका.